अमेरिकेतील राज्यांचे रेल्वेदर नियमन व त्यास घटनात्मक आव्हाने

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील घटकराज्यांनी १८७० नंतर रेल्वेच्या मालवाहतुकीचे व उतारूंचे दर कायद्याने ठरवून देण्यास सुरुवात केली. तेथील रेल्वेमार्ग खासगी कंपन्यांच्या मालकीचे असल्याने या कंपन्यांनी, त्यांच्या भागधारकांनी व कर्जरोखेधारकांनी या कायद्यांविरुद्ध न्यायालयांत दाद मागितली. १८७७ ते १९१४ या काळात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने या विषयावर दिलेल्या निकालांच्या मालिकेस अमेरिकेच्या घटनात्मक इतिहासात महत्त्वाचे स्थान आहे. वरवर पाहता वाद भाड्याच्या सेंटांचा होता. परंतु रास्त दर कोणता हे ठरविण्याचा अंतिम अधिकार लोकनियुक्त विधिमंडळाचा की न्यायालयाचा, हा त्यामागील खरा प्रश्न होता. ‘मन्न विरुद्ध इलिनॉय’ (१८७७), ‘स्माइथ विरुद्ध एम्स’ (१८९८) आणि ‘एक्स पार्टी यंग’ (१९०८) हे या मालिकेतील सर्वांत प्रसिद्ध खटले होत.

पार्श्वभूमी

१८६० मध्ये अमेरिकेत सुमारे ३०,००० मैल लोहमार्ग होते. १९०० पर्यंत ही लांबी १,९०,००० मैलांच्या पुढे गेली. मिसिसिपी नदीच्या खोऱ्यातील व तिच्या पश्चिमेकडील गहू, मका आणि जनावरे पूर्वेकडील बाजारपेठांत पोहोचविण्यास शेतकऱ्याला रेल्वेवाचून दुसरा मार्ग उरला नव्हता. अनेक गावांनी आपल्याकडे रेल्वे यावी म्हणून स्वतः कर्ज काढून कंपन्यांना मदत केली होती, आणि केंद्र शासनाने विस्तीर्ण जमिनी दान दिल्या होत्या. त्यामुळे भाडी चढी राहिली तेव्हा शेतकऱ्यांची तक्रार केवळ महागाईची नव्हती. आपल्याच पैशाने उभ्या राहिलेल्या मार्गावर आपलीच अडवणूक होते, अशी त्यांची भावना होती.

या तक्रारीतील सर्वांत बोचणारी बाब म्हणजे कमी अंतराला अधिक भाडे. ज्या शहरात दोन किंवा अधिक कंपन्यांचे मार्ग येऊन मिळत, अथवा जलमार्ग उपलब्ध असे, तेथे स्पर्धेमुळे दर खाली येत. ज्या गावाला एकच मार्ग होता तेथील शेतकऱ्याकडून ती कसर भरून काढली जाई. रेल्वेचा बराचसा खर्च रूळ, पूल, इमारती व कर्जावरील व्याज यांवर होतो आणि गाड्या कमी धावल्या म्हणून तो घटत नाही. त्यामुळे स्पर्धेच्या ठिकाणी अल्प दराने का होईना, माल मिळविणे कंपनीला फायद्याचे ठरे. कंपन्यांच्या दृष्टीने हा साधा व्यवहार होता. एकाच मार्गावर राहणाऱ्या गावकऱ्याच्या दृष्टीने तो उघड अन्याय होता. दोघांचेही म्हणणे आपापल्या जागी खरे असल्यामुळे हा वाद पुढे सुटण्यास इतका कठीण गेला.

१८६७ मध्ये ऑलिव्हर हडसन केली व त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘पेट्रन्स ऑफ हझबंड्री’ ही शेतकऱ्यांची संघटना स्थापन केली. तिच्या स्थानिक शाखेस ‘ग्रेंज’ म्हणत. संघटनेचा मूळ हेतू शिक्षण व परस्परसाहाय्य हा असला तरी १८७० नंतर तिच्या बळावर इलिनॉय, मिनेसोटा, आयोवा व विस्कॉन्सिन या राज्यांत दरनियमनाचे कायदे संमत झाले. हे कायदे ‘ग्रेंजर कायदे’ या नावाने ओळखले जातात. काही कायद्यांनी कमाल दर थेट ठरवून दिले, तर काहींनी ते काम रेल्वे आयोगाकडे सोपविले. कायद्यांना पाठिंबा देणाऱ्यांत शेतकऱ्यांबरोबर छोट्या शहरांतील व्यापारीही होते.

विस्कॉन्सिनचा १८७४ चा ‘पॉटर कायदा’ सर्वांत कडक मानला जाई. तेथील दोन मोठ्या कंपन्यांनी आपण हा कायदा पाळणार नाही, असे राज्यपालांना लेखी कळविले. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश एडवर्ड रायन यांनी कंपन्यांविरुद्ध निकाल दिला. कंपन्यांच्या सनदा बदलण्याचा अधिकार राज्यघटनेने राखून ठेवला आहे, हा त्यांच्या निकालाचा आधार होता. कायदा मात्र १८७६ मध्ये विधिमंडळानेच मागे घेतला.

घटनेतील आधार

कंपन्यांनी राज्यांच्या कायद्यांविरुद्ध प्रामुख्याने तीन आधार घेतले. पहिला कराराच्या कलमाचा. राज्याला कराराची बंधने शिथिल करणारा कायदा करता येत नाही, असे अमेरिकेची घटना सांगते. आणि कंपनीची सनद हा राज्याशी झालेला करार होय, असे सर्वोच्च न्यायालयाने डार्टमथ महाविद्यालयाच्या खटल्यात १८१९ मध्येच ठरविले होते. परंतु त्यानंतर बहुतेक राज्यांनी सनदा देताना त्या बदलण्याचा हक्क राखून ठेवल्याने हा आधार लवकरच दुबळा झाला. दुसरा आधार आंतरराज्य व्यापाराचा. हा व्यापार नियंत्रित करण्याचा अधिकार घटनेने केंद्रीय विधिमंडळास, म्हणजे काँग्रेसला, दिला आहे.

तिसरा आणि सर्वांत दूरगामी आधार चौदाव्या घटनादुरुस्तीचा. यादवी युद्धानंतर, १८६८ मध्ये, गुलामगिरीतून मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांच्या हक्कांचे रक्षण व्हावे या मुख्य हेतूने ही दुरुस्ती झाली. कोणत्याही राज्याने कोणत्याही व्यक्तीचे जीवित, स्वातंत्र्य अथवा मालमत्ता योग्य कायदेशीर प्रक्रियेवाचून हिरावून घेऊ नये, असे तिच्यातील एक कलम आहे. राज्याने दर फार खाली आणले तर ती कंपनीच्या मालमत्तेची जप्तीच होय, असा युक्तिवाद कंपन्यांनी या कलमावर उभारला. ‘व्यक्ती’ या शब्दात कंपनीचा समावेश होतो की नाही, यावर सविस्तर चर्चा करणारा निकाल न्यायालयाने दिलाच नाही. १८८६ मध्ये सांता क्लारा परगणा विरुद्ध सदर्न पॅसिफिक या करविषयक खटल्यात, युक्तिवाद सुरू होण्यापूर्वीच, मुख्य न्यायाधीश मॉरिसन वेट यांनी तसा समावेश होतो असे तोंडी सांगितले. निकालांचे वृत्त छापणाऱ्या अधिकाऱ्याने ते प्रास्ताविक टिपणात नोंदविले आणि पुढे तेच प्रमाण मानले गेले. मुक्त गुलामांसाठी केलेल्या तरतुदीचा लाभ कंपन्यांना इतक्या सहजपणे मिळावा, ही या इतिहासातील एक विषण्ण करणारी बाब आहे.

मन्न विरुद्ध इलिनॉय

या मालिकेतील पहिला महत्त्वाचा खटला प्रत्यक्षात रेल्वेचा नव्हता, धान्यकोठारांचा होता. शिकागो येथे रेल्वेने येणारे धान्य उंच कोठारांत साठवून पुढे जहाजांत अथवा गाड्यांत भरले जाई. १८७४ मध्ये शिकागोत अशी १४ कोठारे होती आणि त्यांचे नियंत्रण ९ व्यापारी पेढ्यांकडे होते. या पेढ्या साठवणुकीचे दर आपसांत ठरवून जाहीर करीत. इलिनॉयच्या १८७१ च्या कायद्याने पहिल्या ३० दिवसांसाठी बुशेलमागे २ सेंट हा कमाल दर घालून दिला व परवाना सक्तीचा केला. परवाना न घेता व अधिक दराने व्यवसाय केल्याबद्दल मन्न आणि स्कॉट या पेढीस १०० डॉलर दंड झाला. त्याविरुद्धचे अपील सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले.

१ मार्च १८७७ रोजी न्यायालयाने सात विरुद्ध दोन अशा बहुमताने कायदा वैध ठरविला. मुख्य न्यायाधीश वेट यांनी सतराव्या शतकातील इंग्रज न्यायाधीश मॅथ्यू हेल यांच्या बंदरांविषयीच्या ग्रंथातील एक तत्त्व आधारास घेतले. खासगी मालमत्तेचा वापर लोकहिताशी निगडित झाला की ती केवळ खासगी राहत नाही, आणि तिच्यावर समाजाच्या हितासाठी नियंत्रण ठेवता येते, असे हे तत्त्व आहे. विधिमंडळाने या अधिकाराचा दुरुपयोग केला तर लोकांनी त्याची दाद मतपेटीतून मागावी, न्यायालयातून नव्हे, असेही वेट यांनी स्पष्ट केले. न्यायाधीश स्टीफन फील्ड यांनी तीव्र असहमती नोंदविली. हे तत्त्व मान्य केले तर कोणताच व्यवसाय विधिमंडळाच्या तावडीतून सुटणार नाही, अशी त्यांची भीती होती. न्यायाधीश विल्यम स्ट्रॉंग त्यांच्याशी सहमत होते. त्याच दिवशी आयोवा, विस्कॉन्सिन व मिनेसोटा येथील रेल्वेदरांचे कायदेही याच आधारावर वैध ठरले.

मतपेटीकडून न्यायालयाकडे

मन्न खटल्यातील भूमिका फार काळ टिकली नाही. १८८६ मध्ये मिसिसिपीच्या रेल्वे आयोगाविषयीच्या खटल्यात राज्याच्या बाजूने निकाल देतानाच वेट यांनी एक मर्यादा सांगितली : नियमनाचा अधिकार हा विनाशाचा अधिकार नव्हे, आणि मोबदल्याविना माल वाहून नेण्यास राज्य कंपनीला भाग पाडू शकत नाही. पुढील सर्व खटल्यांत कंपन्यांचे वकील हेच वाक्य पुढे करीत राहिले.

त्याच वर्षी ‘वॉबॅश विरुद्ध इलिनॉय’ हा खटला निकाली निघाला. वॉबॅश कंपनी इलिनॉयमधील पिओरिया येथून न्यूयॉर्कला माल नेण्यास १०० पौंडांमागे १५ सेंट घेई. न्यूयॉर्कला ८६ मैल अधिक जवळ असलेल्या गिलमन येथून मात्र ती २५ सेंट घेई. २६,००० पौंडांच्या एका डब्यास पिओरियाहून ३९ डॉलर आणि गिलमनहून ६५ डॉलर पडले. इलिनॉयच्या कायद्याने असा भेदभाव निषिद्ध होता. परंतु हा प्रवास राज्याबाहेर जाणारा असल्याने त्यातील इलिनॉयमधील टप्प्याचेही नियमन राज्याला करता येणार नाही, असे न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी ठरविले. देशातील मालवाहतुकीचा फार मोठा भाग राज्यांच्या सीमा ओलांडणारा होता. तो एका निकालाने नियमनाबाहेर गेला. ही पोकळी भरून काढण्यासाठी काँग्रेसने ४ फेब्रुवारी १८८७ रोजी आंतरराज्य वाणिज्य कायदा अमलात आणला आणि पाच सदस्यांचा आंतरराज्य वाणिज्य आयोग स्थापन झाला. घटनापंडित थॉमस कूली त्याचे पहिले अध्यक्ष झाले.

राज्यांतर्गत वाहतूक राज्यांच्याच हाती राहिली. तेथे निर्णायक वळण आले ते दुधाच्या भाड्यावरून. मिनेसोटातील ओवाटोना, फॅरिबो इत्यादी गावांहून सेंट पॉल व मिनियापोलिस येथे दूध नेण्यास शिकागो, मिलवॉकी आणि सेंट पॉल रेल्वे गॅलनला ३ सेंट घेत असे. राज्याच्या आयोगाने हा दर २.५ सेंटांवर आणला. १८८७ च्या राज्य कायद्यानुसार आयोगाचा निर्णय अंतिम होता व न्यायालयात त्याच्या रास्तपणाची चौकशी होऊ शकत नव्हती. १८९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा कायदा घटनाबाह्य ठरविला. दर रास्त आहे की नाही हा मूलतः न्यायालयीन चौकशीचा प्रश्न आहे, आणि ती चौकशी नाकारणे म्हणजे योग्य प्रक्रियेवाचून मालमत्ता हिरावून घेणे होय, असे न्यायाधीश सॅम्युएल ब्लॅचफर्ड यांनी बहुमताच्या वतीने लिहिले. मन्न खटल्यात बहुमताबरोबर असलेले न्यायाधीश जोसेफ ब्रॅडली यांनी आता असहमती नोंदविली. या निकालाने मन्न खटल्यातील निर्णय व्यवहारतः रद्द झाला आहे, असे त्यांनी उघडपणे म्हटले. गॅलनमागे अर्ध्या सेंटाच्या वादातून अमेरिकेतील सत्ताविभाजनाची एक रेषा अशी सरकली.

१८९४ मध्ये ‘रीगन विरुद्ध फार्मर्स लोन अँड ट्रस्ट कंपनी’ या खटल्यात टेक्ससच्या आयोगाने ठरविलेले दर न्यायालयाने एकमताने अडविले. आयोगाचे अस्तित्व मात्र मान्य केले. या आयोगाचे अध्यक्ष जॉन रीगन यांनी त्या पदासाठी सिनेटच्या सदस्यत्वाचा राजीनामा दिला होता. आंतरराज्य वाणिज्य कायद्यासाठी काँग्रेसमध्ये झटणाऱ्यांपैकी ते एक होते.

स्माइथ विरुद्ध एम्स

नेब्रास्काच्या विधिमंडळाने १८९३ मध्ये केलेल्या कायद्याने राज्यांतर्गत मालवाहतुकीचे दर सरासरीने २९.५ टक्के खाली आणले. त्या काळी अमेरिकेत आर्थिक मंदी होती, धान्याचे भाव कोसळले होते आणि नेब्रास्कातील शेतकरी कर्जात बुडाले होते. युनियन पॅसिफिक व इतर कंपन्यांच्या भागधारकांनी कायद्याविरुद्ध संघराज्याच्या न्यायालयात धाव घेतली. ऑलिव्हर एम्स हे त्यांपैकी एक. कॉन्स्टंटाइन स्माइथ हे राज्याचे महाधिवक्ता. राज्याच्या वतीने युक्तिवाद करणाऱ्यांत विल्यम जेनिंग्ज ब्रायन हेही होते. १८९६ च्या अध्यक्षीय निवडणुकीत डेमोक्रॅटिक पक्षाचे उमेदवार म्हणून त्यांनी शेतकऱ्यांची बाजू देशभर मांडली होती.

७ मार्च १८९८ रोजी न्यायाधीश जॉन मार्शल हार्लन यांनी एकमताचा निकाल दिला आणि कायद्याची अंमलबजावणी रोखली. नव्या दरांनी कंपन्यांना राज्यांतर्गत वाहतुकीतून खर्च जाता रास्त असे काही उरणार नाही, असा निष्कर्ष न्यायालयाने जमाखर्चाच्या आकड्यांवरून काढला. राज्यांतर्गत दराचा रास्तपणा केवळ राज्यांतर्गत उत्पन्नावरून ठरवावा, आंतरराज्य वाहतुकीतील नफा त्यात धरू नये, असेही ठरले. कंपनी लोकांच्या सोयीसाठी जी मालमत्ता वापरते तिच्या रास्त मूल्यावर रास्त परतावा मिळण्याचा कंपनीला हक्क आहे. त्याचबरोबर सेवेच्या वाजवी किमतीहून अधिक काही आपल्याकडून घेतले जाऊ नये हा लोकांचा हक्क आहे, असे सूत्र हार्लन यांनी मांडले. फुगविलेल्या भांडवलावर लाभांश देता यावा म्हणून लोकांवर भार टाकता येणार नाही, हेही त्यांनी बजावले.

रास्त मूल्य कसे काढावे, यासाठी निकालात अनेक घटक सांगितले आहेत. त्यांत बांधकामाचा मूळ खर्च, कायम स्वरूपाच्या सुधारणांवरील खर्च, भाग व कर्जरोखे यांची रक्कम आणि बाजारभाव, तोच मार्ग आज बांधल्यास येणारा खर्च, नव्या दरांनी होऊ शकणारी मिळकत आणि चालविण्याचा खर्च यांचा समावेश होता. यांपैकी कशाला किती वजन द्यावे, हे न्यायालयाने सांगितले नाही.

येथेच या सूत्राचा मूळ दोष होता. भागांचा बाजारभाव कंपनीच्या मिळकतीवर अवलंबून असतो आणि मिळकत दरांवर. म्हणजे दर ठरविण्यासाठी मूल्य हवे आणि मूल्य ठरविण्यासाठी दर हवा. या चक्रातून तर्काने बाहेर पडता येत नाही. शिवाय मूळ खर्च धरावा की आजचा, हा वाद परिस्थितीप्रमाणे फिरत राहिला. १८९० च्या दशकात भाव उतरलेले होते आणि युनियन पॅसिफिकसारखे मार्ग त्याहून महागाईच्या काळात बांधलेले होते. म्हणून ब्रायन यांनी आजच्या खर्चाचा आग्रह धरला आणि कंपन्यांनी मूळ खर्चाचा. पहिल्या महायुद्धानंतर भाव चढले तेव्हा कंपन्या आजच्या खर्चाच्या बाजूस गेल्या व नियामक मूळ खर्चाच्या. दोन्ही पक्षांनी तत्त्वाच्या नावाने जागा बदलल्या, पण आपापला फायदा मात्र सोडला नाही.

सूत्राची अंमलबजावणी करण्यासाठी काँग्रेसने १९१३ मध्ये सर्व रेल्वेंच्या मालमत्तेचे मूल्यमापन करण्याचा आदेश आंतरराज्य वाणिज्य आयोगास दिला. अभियंते, जमीनतज्ज्ञ व हिशेबनीस यांना हे काम अनेक वर्षे पुरले. १९२९ मध्ये ओफॅलन या कोळसा वाहणाऱ्या छोट्या रेल्वेच्या खटल्यात, आजच्या बांधकाम खर्चाचा पुरेसा विचार झाला नाही या कारणावरून, सर्वोच्च न्यायालयाने आयोगाचे मूल्यमापन नाकारले.

एक्स पार्टी यंग

मिनेसोटाच्या विधिमंडळाने १९०७ मध्ये उतारूंचे भाडे मैलाला ३ सेंटांवरून २ सेंटांवर आणले आणि काही जिनसांच्या मालवाहतुकीचे दरही उतरविले. उतारूभाड्याच्या कायद्याचा भंग करणाऱ्यास ५,००० डॉलरपर्यंत दंड, पाच वर्षांपर्यंत तुरुंगवास अथवा दोन्ही शिक्षा सांगितल्या होत्या. ही शिक्षा तिकीट देणाऱ्या कारकुनासही होऊ शकत होती. कायदा वैध आहे की नाही हे तपासण्याचा नेहमीचा मार्ग म्हणजे तो मोडून खटल्यास सामोरे जाणे. पण तुरुंगाची जोखीम घेण्यास कोणताही कर्मचारी तयार होणार नाही, अशीच ही योजना होती.

म्हणून नॉर्दर्न पॅसिफिक व इतर कंपन्यांच्या भागधारकांनी संघराज्याच्या न्यायालयात दावा लावला. न्यायालयाने राज्याचे महाधिवक्ता एडवर्ड यंग यांना मालवाहतुकीच्या दरांची अंमलबजावणी करण्यास मनाई केली. यंग यांनी दुसऱ्याच दिवशी राज्याच्या न्यायालयात नॉर्दर्न पॅसिफिकविरुद्ध कारवाई सुरू केली. संघराज्याच्या न्यायालयाने त्यांना अवमानाबद्दल दोषी धरून १०० डॉलर दंड केला आणि ती कारवाई मागे घेईपर्यंत ताब्यात ठेवण्याचा आदेश दिला. सुटकेसाठी यंग यांनी सर्वोच्च न्यायालयात बंदी प्रत्यक्षीकरणाचा अर्ज केला. त्यांचे म्हणणे असे की, अकराव्या घटनादुरुस्तीप्रमाणे राज्याविरुद्ध संघराज्याच्या न्यायालयात दावा लावता येत नाही आणि महाधिवक्त्याविरुद्धचा दावा म्हणजे राज्याविरुद्धचाच दावा होय.

२३ मार्च १९०८ रोजी आठ विरुद्ध एक मतांनी अर्ज फेटाळला गेला. न्यायाधीश रूफस पेकहॅम यांच्या मते, घटनाबाह्य कायदा अमलात आणणाऱ्या अधिकाऱ्यामागे राज्याचा अधिकार उभा राहूच शकत नाही. अशा वेळी तो केवळ व्यक्ती म्हणून वागत असतो आणि त्याच्याविरुद्ध मनाई हुकूम काढता येतो. न्यायालयाचे दार ठोठावण्यासच भय वाटावे इतक्या जबर शिक्षा ठेवणे हेही त्यांनी घटनाबाह्य ठरविले. हा युक्तिवाद एका कल्पित गृहीतावर उभा आहे, हे त्याचे समर्थकही मान्य करतात. कारण राज्याला लागू असलेली चौदावी घटनादुरुस्ती मोडली म्हणून दाद मिळते, आणि त्याच वेळी कृती राज्याची नाही असेही मानावे लागते. दहा वर्षांपूर्वी स्माइथ खटल्याचा निकाल लिहिणारे हार्लन या वेळी एकटेच असहमत होते. राज्यांची प्रतिष्ठा यामुळे धोक्यात येईल, असे त्यांचे मत होते.

त्याच दिवशी नॉर्थ कॅरोलायनातील एका तिकीट कारकुनाची सुटकाही सर्वोच्च न्यायालयाने कायम केली. राज्याने ठरविलेल्या दरापेक्षा अधिक पैसे घेतल्याबद्दल त्यास राज्याच्या न्यायालयाने शिक्षा दिली होती, आणि तो दर संघराज्याच्या न्यायालयाने आधीच स्थगित केला होता. दोन न्यायालयांच्या परस्परविरोधी आदेशांत सापडलेला माणूस खिडकीमागचा कारकून होता, कंपनीचा अध्यक्ष नव्हे.

एकट्या न्यायाधीशाने संपूर्ण राज्याचा कायदा थांबवावा, याविरुद्ध देशभर संताप उसळला. काँग्रेसने १९१० मध्ये असे हुकूम काढण्यासाठी तीन न्यायाधीशांचे पीठ आवश्यक केले. १९३४ च्या जॉन्सन कायद्याने राज्याने ठरविलेल्या लोकसेवी दरांच्या बाबतीत, राज्यातच सुनावणी व पुरेशी दाद उपलब्ध असल्यास, संघराज्याच्या कनिष्ठ न्यायालयांचा मनाई हुकमाचा अधिकार बहुतांशी काढून घेतला.

मिनेसोटाच्या दरांचा मूळ वाद १९१३ मध्ये अंतिम निकालास आला. न्यायाधीश चार्ल्स इव्हान्स ह्यूज यांनी नॉर्दर्न पॅसिफिक व ग्रेट नॉर्दर्न या दोन मोठ्या कंपन्यांच्या बाबतीत ते दर वैध ठरविले; केवळ मिनियापोलिस आणि सेंट लुइस या दुर्बल कंपनीच्या बाबतीत ते जप्तीवजा ठरले. ज्या कायद्यांसाठी यंग यांना अटक सोसावी लागली ते बव्हंशी घटनेस धरून होते, हे कळण्यास सहा वर्षे लागली.

केंद्राकडे सत्तांतर

मिनेसोटाच्या निकालाने राज्यांचे राज्यांतर्गत अधिकार बळकट झाल्यासारखे वाटले, पण ते एक वर्षच. लुइझियानातील श्रीव्हपोर्ट हे शहर पूर्व टेक्ससच्या बाजारपेठेसाठी डॅलस व ह्यूस्टन यांच्याशी स्पर्धा करीत असे. टेक्ससच्या आयोगाने राज्यांतर्गत दर इतके कमी ठेवले होते की, डॅलसहून मार्शलपर्यंतच्या १४७.७ मैलांना गाड्यांच्या वाहतुकीचा दर १०० पौंडांमागे ३६.८ सेंट पडे, तर श्रीव्हपोर्टहून मार्शलपर्यंतच्या ४२ मैलांना ५६ सेंट. १९१४ मध्ये ह्यूज यांनीच निकाल दिला की, राज्यांतर्गत दरांमुळे आंतरराज्य व्यापारास बाध येत असेल तर केंद्रीय आयोगास त्यांतही हस्तक्षेप करता येतो. १९२० च्या वाहतूक कायद्याने हा अधिकार आणखी विस्तारला आणि राज्यांच्या दरनियमनाचे क्षेत्र आक्रसत गेले. १९९५ च्या कायद्याने आंतरराज्य वाणिज्य आयोग विसर्जित झाला व रेल्वेदरांवरील अधिकार क्षेत्र केंद्रीय मंडळाकडेच एकवटले.

पुढील परिणाम

‘रास्त मूल्य’ या सूत्रावर न्यायाधीश लुइस ब्रँडाइस यांनी १९२३ मध्ये एका दूरध्वनी कंपनीच्या खटल्यात सविस्तर टीका केली. विवेकाने गुंतविलेले भांडवल हाच परताव्याचा पाया धरावा, असे त्यांनी सुचविले. १९३४ मध्ये न्यूयॉर्कमधील दुधाच्या किमतीविषयीच्या ‘नेब्बिया’ खटल्यात न्यायालयाने ‘लोकहिताशी निगडित’ असा व्यवसायांचा वेगळा वर्ग मानणेच सोडून दिले. १९४४ मध्ये ‘होप नॅचरल गॅस’ या खटल्यात न्यायाधीश विल्यम डग्लस यांनी दर ठरविण्याची पद्धत कोणती हे गौण ठरवून अंतिम परिणाम रास्त आहे की नाही एवढेच पाहावे असे सांगितले. स्माइथ खटल्यातील सूत्र तेथे व्यवहारतः संपले. दर जप्तीवजा नसावा हे मूळ तत्त्व मात्र वीज, वायू, पाणी व दूरध्वनी यांच्या दरांबाबत आजही लागू आहे.

यंग खटल्यातील तत्त्वाचे आयुष्य त्याहून अधिक ठरले. रेल्वेच्या भागधारकांसाठी निर्माण झालेल्या या मार्गानेच विसाव्या शतकात शाळांतील वंशभेदाविरुद्ध आणि तुरुंगांतील अमानुष स्थितीविरुद्ध राज्याच्या अधिकाऱ्यांवर दावे लावले गेले. हक्कभंगाविरुद्ध मनाई हुकूम मागताना अमेरिकेतील वकील आजही हाच निकाल प्रथम उद्धृत करतात.

भारतीय संदर्भ

भारतात लोहमार्ग हा विषय संविधानाच्या सातव्या अनुसूचीतील संघसूचीत असल्याने राज्यांच्या रेल्वेदर कायद्यांचा प्रश्न उद्भवत नाही. अमेरिकेतील या अनुभवाचा अप्रत्यक्ष संबंध मात्र अनुच्छेद २१ शी आहे. संविधान सभेचे सल्लागार बेनेगल नरसिंग राव १९४७ मध्ये अमेरिकेत गेले असता तेथील सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश फेलिक्स फ्रँकफर्टर यांची त्यांनी भेट घेतली. ‘योग्य कायदेशीर प्रक्रिया’ या शब्दांच्या आधारे न्यायालयांनी आर्थिक व सामाजिक कायदे रद्द केल्याचा इतिहास ध्यानी घेऊन, ते शब्द टाळावेत असे फ्रँकफर्टर यांचे मत होते. भारतीय संविधानात त्याऐवजी ‘कायद्याने प्रस्थापित केलेली कार्यपद्धती’ हे शब्द आले. डिसेंबर १९४८ मधील चर्चेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी विधिमंडळावर विश्वास ठेवण्यातील आणि न्यायाधीशांवर विश्वास ठेवण्यातील धोके दोन्ही मांडले आणि निर्णय सभेवर सोपविला. १९७८ च्या मनेका गांधी खटल्यात भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने ही कार्यपद्धती न्याय्य, रास्त व वाजवी असली पाहिजे, असा अर्थ लावला.